आधी पाणी बघा, झाडं नंतर: काँक्रीटच्या आवारात रेन गार्डन कसं करायचं

शहरात निसर्ग आणायचा म्हटलं की बहुतेक लोक थेट नर्सरी गाठतात. माझ्या मते नर्सरी सगळ्यात शेवटी. आधी एका जोरदार पावसात छत्री घेऊन बिल्डिंगच्या आवारात उभं राहायचं आणि पाणी कुठून येतं, कुठे वळतं, कुठे साचतं आणि कुठून गटारात पळतं ते नीट बघायचं, मोबाईलवर व्हिडिओ काढून ठेवायचा, कारण एरवी आपल्याला सपाट वाटणारं पेव्हिंग पाण्याच्या लेखी सपाट नसतंच.

रेन गार्डन म्हणजे साधा उथळ खोलगट वाफा. छताचं आणि फरशीवरचं पाणी गटारात न सोडता त्याच्यात वळवायचं, ते तिथे काही तास थांबतं आणि जमिनीत मुरतं. मोठ्या स्केलवर हेच काम सिंगापूरच्या बिशान-आंग मो किओ पार्कमध्ये झालंय, कल्लांग नदीचा २.७ किलोमीटरचा सरळ काँक्रीटचा कालवा काढून तिथे सुमारे ३ किलोमीटरची वळणावळणाची नदी केली, २०१२ साली पार्क खुलं झालं, पाऊस वाढला की नदी काठच्या गवतावर पसरते आणि नंतर आपली आपण ओसरते. आपल्या आवारात तेवढी जागा नसते पण तत्त्व तेच, पाण्याला थांबायला जागा द्यायची.

आता हिशोब, आणि तो सोपा आहे. १ चौरस मीटरवर १ मिलिमीटर पाऊस म्हणजे १ लिटर. म्हणजे १०० चौरस मीटर छतावर ३० मिलिमीटर पडला की ३००० लिटर. त्या छताच्या साधारण १५ टक्के, म्हणजे १५ चौरस मीटरचा वाफा १५ सेंटिमीटर खोल केला तर २२५० लिटर नुसतं थांबतं, आणि बाकीच्यातलं बरंचसं पाऊस पडता पडताच मुरायला लागतं. तेवढी जागा नाही? मग सगळं छत नका घेऊ, छतावरून खाली येणाऱ्या एकाच पाइपचं (डाऊनपाइपचं) पाणी घ्या.

जागा भिंतीपासून निदान ३ मीटर लांब धरा, पायाशी पाणी मुरवणं बरं नाही. सेप्टिक टँकच्या आणि जमिनीखालच्या पाइपांच्या डोक्यावर नको. मोठ्या झाडाच्या सावलीच्या घेरातही खणू नका, त्याची बरीचशी मुळं वरच्या अर्ध्या-पाऊण मीटर मातीतच असतात आणि कुदळीने ती तुटली की झाडाचं नुकसान लगेच दिसत नाही, दोन-तीन वर्षांनी फांद्या वाळायला लागतात तेव्हा कळतं.

मग खड्डा-टेस्ट, ही चुकवायचीच नाही. ३० सेंटिमीटर खोल खड्डा घ्या, पाण्याने भरा, ते पूर्ण मुरू द्या, म्हणजे माती आधी भिजेल, मग परत भरून त्यात पट्टी किंवा खुणा केलेली काडी उभी करा आणि दर तासाला बघा. मी पहिल्यांदा ही टेस्ट केली तेव्हा तासाभरात काडीवरची खूण जेमतेम बोटाच्या नखाएवढी उघडी पडली होती, वरून मऊ दिसणाऱ्या त्या मातीखाली बांधकामाच्या वेळचा दाबून बसवलेला भराव निघाला. तासाला निदान १ सेंटिमीटर पाणी उतरायला हवं. त्याहून कमी असेल तर खाली आणखी ३०-४० सेंटिमीटर खणून माती फोडा आणि अर्ध्याहून थोडी जास्त जाड वाळू, उरलेल्यात साधी माती आणि कंपोस्ट असं मिक्स भरा. ओल्या मातीत काम करू नका आणि वाफ्यात नाचू नका, पायाखाली माती परत दाबली जाते आणि केलेली मेहनत वाया.

तळ एका लेव्हलला हवा, गवंडी वापरतात ती पाण्याची लेव्हल-ट्यूब पुरते. उतार राहिला तर सगळं पाणी एका कोपऱ्यात जमतं. पाणी जिथून आत येतं तिथे मुठीएवढे दगड पसरा, नाहीतर धार माती उकरते. आणि सांडवा ठेवाच! काठापेक्षा थोडा खाली, जादा पाणी त्यातून गटाराकडे जाईल असा. बऱ्याच वाफ्यांमध्ये हाच विसरलेला असतो आणि मग जोराच्या पावसात काठ फुटतो.

डासांची भीती सगळ्यांनाच वाटते, रास्तच आहे. पण डासाला अंड्यापासून उडेपर्यंत साधारण आठवडा लागतो, आणि वाफा २४ तासांत, फार तर ४८ तासांत रिकामा व्हायलाच हवा. त्याहून जास्त वेळ पाणी दिसलं तर समजा वर गाळाचा थर बसलाय, तो खरवडून काढा.

झाडं निवडताना एक लक्षात ठेवा, ही पाणवनस्पतींची जागा नाही, इथे वर्षातले बहुतेक दिवस कोरडेच असतात. तळाला दोन दिवस पाय ओले राहिले तरी चालतील आणि नंतरचा कोरडा काळही काढतील अशी गवतं आणि झुडपं, काठावर कमी पाण्यावर जगणारी. आपल्या भागातल्या ओढ्याच्या काठी आपसूक काय उगवतं ते जाऊन बघा, तीच यादी सगळ्यात भरवशाची, फुलपाखरं आणि पक्षीही त्यांच्याच ओळखीचे. दाट लावा, वर ५-७ सेंटिमीटर लाकडाच्या जाड ढलप्यांचं आच्छादन द्या, हलका पालापाचोळा नको, तो तरंगून सांडव्यात अडकतो.

पहिलं वर्ष लक्ष द्यावंच लागतं, कोरड्या दिवसांत पाणी घालायचं, तण हाताने उपटायचं, आणि प्रत्येक मोठ्या पावसानंतर आतल्या दगडांमधला कचरा आणि सांडव्याचं तोंड साफ करायचं.