शिवाराच्या पोटातलं पाणी कसं मोजायचं आणि नकाशावर कसं आणायचं

दरवर्षी आखाजी (अक्षय तृतीया) जवळ आली की पारावर एकच विषय, कोणाची विहीर कुठपर्यंत गेली आणि कोणाचं बोअर हवा मारायला लागलं. आप्पा म्हणतात दोन परस खाली गेलं, जिभाऊ म्हणतात नाही एकच, आणि एकाचा परस पाच फुटाचा तर दुसऱ्याचा सहाचा, त्यामुळे मागच्या वर्षीपेक्षा खरं किती खाली गेलं ते कोणालाच सांगता येत नाही. मी गेली सहा वर्षं आमच्या गावच्या अठरा विहिरी आणि पाच बोअर टेपने मोजतोय, त्यात जे शिकलो ते सगळं इथे लिहितोय, तुमच्या गावात करून बघा.

पहिले एक समजून घ्या, सरकार हे काम करतं आणि चांगलं करतं. भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा, म्हणजे आपली जीएसडीए, राज्यभर ठरवलेल्या निरीक्षण विहिरी वर्षातून चार वेळा मोजते, ऑक्टोबर, जानेवारी, मार्च आणि मे. केंद्रीय भूमिजल मंडळाच्या विहिरी वेगळ्या, आणि २०१२ पासून त्यांनी देशभर जलधर म्हणजे ॲक्विफर नकाशे करायचं काम घेतलंय, त्यांचे जिल्ह्याचे रिपोर्ट नेटवर फुकट मिळतात. पण राज्यात गावं ४०,००० च्या वर आणि निरीक्षण विहिरी त्याच्या दहाव्या हिश्श्याच्या आसपास, म्हणजे बहुतेक गावांत एकही नाही. त्या आकड्यांवरून तालुका, पाणलोट समजतो, आपलं शिवार नाही समजत. म्हणून रिपोर्ट आधी डाऊनलोड करा, वाचा, आणि मग आपली मोजणी त्याच महिन्यांत ठेवा म्हणजे दोन्ही आकडे शेजारी ठेवून बघता येतील.

आता टेप हातात घ्यायच्या आधी खडक बघा. हे मी पहिल्या वर्षी केलं नव्हतं आणि वर्षभराचे आकडे असून त्याचा अर्थ लागत नव्हता. आमच्या खान्देशात एकसारखी जमीन नाहीच. तापीच्या दोन्ही अंगाला गाळाची जमीन, रेती, गाळ, चिकणमाती यांचे थर एकावर एक, काही ठिकाणी शंभर मीटरपेक्षा जास्त जाड. रावेर, यावल, चोपड्याकडे सातपुड्याच्या पायथ्याला दगडगोटे आणि भरड रेतीचा पट्टा आहे त्याला बझाडा म्हणतात, डोंगरातून येणारं पाणी तिथे झपकन मुरतं पण पाण्याची पातळीही खूप खोल असते. आणि बाकी पारोळा, चाळीसगाव, साक्री, धुळ्याचा बराचसा भाग म्हणजे बेसाल्ट, आपला काळा पाषाण. राज्याचा जवळपास ८० टक्के भाग याच खडकाचा आहे.

बेसाल्टमध्ये पाणी कुठे असतं ते बघायला सगळ्यात स्वस्त पुस्तक म्हणजे विहिरीची भिंत. उन्हाळ्यात पाणी खाली गेलं की कठड्यावरून टॉर्च मारून बघा (उतरू नका, जुन्या बंद विहिरीत हवा खराब असते, माणसं गेलेली आहेत) आणि वरून खाली लिहून काढा, माती किती फूट, मुरूम किती फूट, मग भेगांचा खडक, भोकाभोकाचा मांजऱ्या, मग सलग कठीण पाषाण, मध्ये कुठे लाल मातीसारखा पट्टा दिसतो का. लाव्हाचे थर एकावर एक साचलेत, प्रत्येक थराचा वरचा भाग भोकाभोकाचा आणि झिजलेला, तिथे पाणी राहतं, खालचा सलग भाग पाणी धरत नाही. लाल पट्टा बहुतेक वेळा पाणी खाली जाऊ देत नाही, म्हणून त्याच्या वरच्या सांध्यातून झरे फुटलेले दिसतात. एका शिवारातल्या दहा विहिरींचं असं लिहिलं की लाल पट्टा कोणत्या उंचीवर सरळ पसरलाय ते आपोआप दिसायला लागतं, आणि तोच तुमच्या जलधराचा तळ.

धुळे आणि नंदुरबारकडे अजून एक गोष्ट आहे, डाइक. लाव्हा भेगांमधून उभा वर आला आणि थिजला, त्या काळ्या दगडाच्या भिंती मैलोन् मैल साधारण पूर्व-पश्चिम गेलेल्या आहेत, गुगल अर्थवर बघा, रेघ ओढल्यासारख्या टेकड्या दिसतात. साक्रीकडे माझ्या मामाच्या शेतात एका विहिरीला मे महिन्यात पाणी आणि दोनशे फुटावरची दुसरी फेब्रुवारीत कोरडी, पंधरा वर्षं त्याला नशीब म्हटलं गेलं आणि कोरड्या बाजूला तीन बोअर मारून पैसे घातले. मध्ये डाइक होता. सलग डाइक पाणी अडवतो, वरच्या अंगाला साठतं आणि खालच्या अंगाला तोटा पडतो, भेगाळलेला असेल तर उलट त्याच्यातूनच पाणी वाहतं. म्हणून नकाशावर डाइक पहिले काढायचा.

मग विहिरी निवडा. सगळ्या मोजायची गरज नाही, हजार-दीड हजार हेक्टरच्या गावाला पंधरा-वीस पुरतात, पण त्या पसरलेल्या पाहिजेत, नाल्याजवळच्या, चढावरच्या, डाइकच्या दोन्ही अंगाच्या, एखादी गावाच्या पिण्याची. प्रत्येकीचं एक पान करा, गट नंबर, मोबाईलवरून अक्षांश-रेखांश, खोली, व्यास, बांधकाम कुठपर्यंत, आत भिंतीत आडवे बोअर मारलेत का, मोटर किती एचपीची, कोणतं पीक. आडव्या बोअरचं नक्की विचारा. बोअर असेल तर केसिंग (वरून बसवलेला पाइप) किती आणि पाणी किती फुटावर लागलं ते मालकाला आठवतं का बघा, आणि गावात नवीन बोअर चालू असेल तर तिथे जाऊन दर दहा फुटाला निघणारा चुरा कागदावर क्रमाने ठेवून फोटो काढा, असा चुरा नंतर कुठेच मिळत नाही. आणि विहिरीचे आकडे आणि खोल बोअरचे आकडे एकत्र करू नका, दोन्ही वेगळ्या थरातलं पाणी दाखवतात, नकाशेही दोन काढा.

मोजणी. कठड्यावर एका जागी लाल ऑइलपेंटने खूण करा, कायम तिथूनच टेप सोडायचा, आणि कठडा जमिनीपासून किती वर आहे ते वजा करायचं. स्टीलचा टेप, टोकाला वजन, शेवटच्या मीटरला खडू घासलेला, पाण्यात थोडा बुडवून वर काढला की ओला खडू दिसतो, पूर्ण सोडलेल्या लांबीतून ओली लांबी वजा केली की झालं. बोअरला टेप अडकतो, त्याला वायरचा बझरवाला साउंडर लागतो, इलेक्ट्रिशियन हजार रुपयांच्या आत बनवून देतो, दोन उघड्या तारा पाण्याला टेकल्या की आवाज येतो. दोनदा मोजा, दोन्ही आकडे दोन सेंटिमीटरच्या आत आले पाहिजेत.

सगळ्यात जास्त चूक वेळेची होते. मोटर चालू असताना किंवा नुकतीच बंद झालेली असताना मोजलेला आकडा फेकून द्या, तो पाण्याची पातळी नाही, मोटरची पातळी आहे, आणि शेजारच्या विहिरीवर मोटर चालू असली तरी फरक पडतो. आपल्याकडे शेतीला थ्री फेज पाळीपाळीने मिळते, कोणत्या आठवड्यात दिवसा आणि कोणत्या आठवड्यात रात्री ते डीपीवरच्या पोरांना माहीत असतं, लाईट यायच्या आधीचा तासभर पकडा आणि तीन-चार जण वाटून सगळ्या विहिरी एकाच दिवशी उरका. वर्षातले दोन दिवस तर चुकवायचेच नाहीत, आखाजीनंतर पण वळवाच्या आधी, आणि दसरा-दिवाळीच्या मधला. यांच्यातला फरक म्हणजे पावसाने भरलेलं पाणी.

आता नकाशा. नुसतं खोलीवरून काही कळत नाही, जमिनीची उंची लागते. मोबाईलचा जीपीएस उंचीला पाच-दहा मीटरसुद्धा चुकतो, त्यावर विसंबू नका, सर्व्हे करणाऱ्याकडून एकदा लेव्हल काढून घ्या, वर्गणी करून खर्च येतो पण एकदाच येतो, जवळजवळच्या विहिरींना गवंड्याची पाण्याची नळीही चालते. समजा एका विहिरीची जमीन समुद्रसपाटीपासून २१२ मीटर आणि पाणी १४ मीटरवर, म्हणजे पाण्याची उंची १९८. दुसरीची जमीन २०६ आणि पाणी ५ मीटरवर, म्हणजे २०१. जमिनीचा उतार पहिलीकडून दुसरीकडे आहे पण खालचं पाणी उलटं, दुसरीकडून पहिलीकडे चाललंय. असं दिसलं की पहिलीच्या आजूबाजूला उपसा बघा, केळी किती, बोअर किती, बहुतेक तिथेच खड्डा पडलेला सापडतो. सगळ्या विहिरींच्या उंच्या गावनकाशावर लिहा, सारख्या उंचीचे बिंदू पेन्सिलने जोडा, त्या रेषांना काटकोनात उतरत्या बाजूला पाणी जातं. कॉम्प्युटर येणारं पोरगं असेल तर क्यूजीआयएस हे नकाशे काढायचं सॉफ्टवेअर फुकट आहे, पण पहिला नकाशा हातानेच काढा, त्याने डोक्यात बसतो. डाइक आला की रेष त्याच्या आरपार नेऊ नका, तिथे तोडा आणि पलीकडे वेगळी काढा.

हिशोबाचंही सांगतो, कारण इथे सगळे फसतात. पावसाळ्यात पातळी ४ मीटर वर आली म्हणजे ४ मीटर पाणी आलं नाही, खडकाच्या भोकात आणि भेगात मावेल तेवढंच आलं. झिजलेल्या किंवा भेगाळ बेसाल्टमधून निघणारं पाणी खडकाच्या घनफळाच्या साधारण २ टक्के धरतात, गाळमिश्रित पोयट्याला १० आणि रेतीला १६ पर्यंत. एका हेक्टरवर ४ मीटर चढ बेसाल्टमध्ये झाला तर ८०० घनमीटर म्हणजे ८ लाख लिटर, तोच तापीकाठच्या गाळात झाला तर १० टक्क्यांनी ४० लाख लिटर. म्हणून पारोळ्याच्या माणसाने यावलची विहीर बघून केळी लावायचा विचार करू नये, आणि शिरपूरला नाले रुंद-खोल करून जे काम झालं ते त्या तालुक्याचे गाळाचे आणि बेसाल्टचे थर बघून झालं, आपल्या नाल्याखाली काय आहे ते न बघता जेसीबी लावू नका. उलटं पण खरं आहे, गाळात साठा मोठा म्हणून निवांत राहू नका, रावेर-यावल सरकारच्या अतिशोषित यादीत आलेले तालुके आहेत, भरतं त्याच्यापेक्षा जास्त उपसलं तर कितीही मोठा साठा उतरतोच.

पावसाचा आकडा महसूल मंडळाच्या केंद्राचा मिळतो पण पाऊस गावागणिक वेगळा पडतो, शाळेत किंवा पंचायतीत एक साधं पर्जन्यमापक ठेवा, रोज सकाळी साडेआठला नोंद. सोबत पाण्याचा टीडीएस, म्हणजे विरघळलेले क्षार, पण घ्या, मीटर पाच-सातशेला येतो, पूर्णेच्या काठाने विदर्भाकडे खारपाणपट्टा लागतो, त्या बाजूच्या गावांनी तर घ्यावाच.

ऑक्टोबरची मोजणी झाली की आठ दिवसांत ग्रामसभेत मांडा, रब्बीची पेरणी व्हायच्या आधी, नंतर मांडून उपयोग नाही. नकाशा फ्लेक्सवर छापून लावा, वाढ किती, साठा किती, पिण्याला आणि गुरांना आधी बाजूला काढून पिकाला उरतं किती, मग गहू किती, हरभरा किती ते लोकांना ठरवू द्या. पांझरा नदीच्या फडावर, म्हणजे बंधाऱ्याच्या पाटाखालच्या जमिनीच्या तुकड्यांवर, आपल्या बापजाद्यांनी अख्ख्या फडात एकच पीक ठरवून पाणी वाटलेलं आहे, त्यामुळे हे आपल्या लोकांना नवीन नाही. एक मात्र पाळा, कोणाच्या विहिरीचा आकडा त्याच्या नावाने फ्लेक्सवर टाकू नका, नंबर टाका, नाहीतर पुढच्या वर्षी तो तुम्हाला टेप सोडू देणार नाही. आमच्याकडे पहिल्या वर्षी नावं टाकली होती आणि दोन विहिरी हातच्या गेल्या, एक चौथ्या वर्षी परत मिळाली, दुसरी अजून बंद आहे.

रजिस्टर दोन ठेवा, एक पंचायतीत आणि एक तुमच्या घरी, आणि प्रत्येक पानाचा फोटो त्याच दिवशी ग्रुपवर टाका. कठडा नवीन बांधला किंवा विहीर खोल केली तर ती तारीख लाल पेनने लिहा आणि खुणेची उंची परत मोजा.