बिस्किटाच्या धंद्यात यायचंय? आधी तराजूपाशी या

इंदूरला सांवेर रोडवरच्या आमच्या बिस्किटांच्या कारखान्यात महिन्याला एखादा तरुण तरी भेटायला येतो. कुणी रामबागेतल्या ओळखीचा, कुणी मित्राचा भाचा. पहिला प्रश्न ठरलेला: "काका, ओव्हन कितीला पडतो?" मी त्याला ओव्हनकडे नेतच नाही. पॅकिंगच्या टेबलावर तराजू आहे, तिथे उभं करतो.

१०० ग्रॅमच्या पुड्यात २ ग्रॅम जास्त गेले तर कुणाच्या लक्षातही येत नाही. पण दिवसाला १०,००० पुडे निघत असतील, तर रोजचे २० किलो आणि ३०० दिवसांत ६ टन बिस्किटं फुकट वाटली. कमी भरायचं तर नाहीच; छापलेलं वजन हा ग्राहकाला दिलेला शब्द आहे. म्हणून दर अर्ध्या तासाला आम्ही वजन घेतो, आणि जाडीही मोजतो. बिस्किट जरा जास्त फुगलं की चळत रॅपरमध्ये मावत नाही, मशीन अडकतं. बसकं राहिलं की पुडा ढिला पडतो आणि दुकानात पोचेपर्यंत चुरा होतो.

याचं मूळ बरेचदा मैद्यात असतं. आपल्या माळव्याच्या गव्हाचा मला अभिमान आहे, बाफले (आधी उकडून मग भाजलेले कणकेचे गोळे) करावेत तर त्याचेच. पण बिस्किटाला मऊ गहू लागतो, ८-९ टक्के प्रथिनांचा मैदा. ग्लूटेन, म्हणजे मैद्याला चिवटपणा देणारं प्रथिन, जोरकस असलं की लाटून कापलेली गोल मारी भाजताना आखडते आणि अंडाकृती निघते. गिरणीचा तपासणीचा कागद कितीही चांगला असो, प्रत्येक गाडीतला मैदा आधी थोडा मळून, भाजून बघा.

पहिल्या पावसाळ्यात मी मोठी चूक केली. सियागंजच्या व्यापाऱ्याला घाई होती, म्हणून गरम माल पंख्याखाली झटपट निववून भरला. निघताना एकही बिस्किट तुटलेलं नव्हतं. तिसऱ्या दिवशी फोन आला: निम्म्या पुड्यांत केसासारख्या भेगा. ओव्हनमधून निघालेल्या बिस्किटाची कड कोरडी असते, मध्ये ओल असते. नंतर कड ओल ओढून फुगते, मधला भाग सुकून आकसतो आणि त्या ताणात बिस्किट चिरतं, तेही पुड्यात गेल्यावर. सगळा माल परत घेतला. आता निववायचा पट्टा ओव्हनच्या दीडपट लांब आहे, आणि कितीही घाई असली तरी पंखा लागत नाही.

पैशांचं थोडक्यात सांगतो. मैद्याचे पैसे आठवड्यात द्यावे लागतात, बाजारातून वसुली दीड महिन्याने. जुलै २०१७ पासून बिस्किटांवर १८ टक्के जीएसटी होता, सप्टेंबर २०२५ मध्ये तो ५ टक्के झाला. असा बदल झाला की वजन, किंमत, छापील रॅपर सगळं नव्याने मांडावं लागतं. म्हणून सुरुवातीला मोठ्या कंपनीचं जॉबवर्क घ्या, म्हणजे तिच्या नावाची बिस्किटं आपल्या कारखान्यात बनवून द्या. किलोमागे मिळतं थोडंच, पण हात बसतो. मी दोन वर्षं तेच केलं.

स्वतःच्या नावाचा पुडा मात्र मला पहिल्यापासून काढायचा होता. आजीच्या फडताळात ग्वाल्हेरच्या मंघाराम बिस्किटांचा चित्रांचा डबा होता. बिस्किटं केव्हाच संपली होती, ती त्यात मेतकूट ठेवायची.

ऑफिसमागच्या कपाटात आमच्या प्रत्येक बॅचचे पुडे तारीख घालून ठेवलेत. तराजू बघून झाला की मी पाहुण्याला सहा महिन्यांपूर्वीचा पुडा फोडून देतो. खाण्याआधी वास घ्यायला सांगतो, तेल खवट झालं असेल तर तिथेच कळतं.