दुसऱ्याची संहिता दुरुस्त करायची तर

माझं मूळ काम प्रॉम्प्टिंगचं, म्हणजे नट वाक्य विसरला की विंगेतून हळूच सांगायचं. इंदूरच्या हौशी मराठी मंडळींच्या तालमींना मी वही घेऊन विंगेत बसते. तिथे बसून एक गोष्ट पक्की कळली: नट ज्या वाक्याला रोज अडखळतो, ते वाक्य बहुधा त्याच्या पात्राचं नसतंच. पाठांतर कच्चं असेल तर अडखळण्याची जागा रोज बदलते. जागा तीच राहिली की दोष लिखाणात शोधावा. हे मी सांगायला लागले, तसे लेखकच वह्या घेऊन घरी यायला लागले. "ताई, जरा बघता का?" स्पर्धेचे दिवस जवळ आले की रामबागेतल्या आमच्या बैठकीत दुसऱ्यांच्या एकांकिकांचे गठ्ठे पडलेले असतात.

हॉलिवूडमध्ये हे काम करणाऱ्याला स्क्रिप्ट डॉक्टर म्हणतात. पैसे चांगले मिळतात, पडद्यावर नाव मात्र बहुतेकदा येत नाही. त्यांतला रॉबर्ट टाउन मला सगळ्यांत जवळचा वाटतो. २०२४ मध्ये तो गेला. 'चायनाटाउन'च्या पटकथेसाठी त्याला ऑस्कर मिळालं, पण ते मिळण्याआधीच दुसऱ्यांच्या पटकथा सावरणारा म्हणून त्याचं नाव झालेलं होतं. त्याची कामं मी बारकाईने पाहिली आणि आपल्या तालमीत उपयोगी पडतील अशा रीती त्यातून घेतल्या. आमच्या मुलांना त्या तोंडी सांगत आले, आता लिहून ठेवते.

पहिलं वाचन हातात पेन्सिल न घेता, एका बैठकीत करा. पेन्सिल हातात असली की शुद्धलेखन दिसायला लागतं आणि गोष्ट दिसेनाशी होते. दुसरं वाचन मोठ्याने, फोनवर घड्याळ लावून. अमेरिकेत पटकथा कूरियर या टंकात, १२ पॉइंटात, ठरलेल्या मांडणीने लिहितात, म्हणून एक पान म्हणजे साधारण एक मिनिट असा हिशोब बसतो. आपल्याकडे एकजण फुलस्केपवर हाताने लिहितो, दुसरा मोबाइलवर टाइप करून पीडीएफ पाठवतो. पानं मोजून काही कळत नाही, तोंडाने वाचूनच कळतं.

मग लेखकाला विचारा, तुला कुठे खटकतंय? तो बहुतेक वेळा शेवट सांगेल. दिग्दर्शकही शेवटच सांगेल. ते नीट ऐकून घ्या, पण दुरुस्ती तिथेच करायची असं धरून बसू नका. शेवट पडतो तो बहुधा पहिल्या-दुसऱ्या प्रवेशात काहीतरी पेरायचं राहिलेलं असतं म्हणून.

आणि लेखकाकडे पहिला खर्डा मागा. मंडळीत चारजणांनी सूचना केलेल्या असतात, लेखक नवा असला तर त्याने त्या सगळ्या ऐकलेल्या असतात, आणि त्या भरात मूळ जीव निघून गेलेला असतो. १९३९ मध्ये 'गॉन विथ द विंड' या चित्रपटाचं चित्रण थांबवून पटकथा सावरायला बेन हेक्ट या लेखकाला बोलावलं. ज्या कादंबरीवरून चित्रपट होत होता ती त्याने वाचलेलीच नव्हती. निर्माता सेल्झनिक आणि दिग्दर्शक फ्लेमिंग यांनी प्रसंग त्याच्यासमोर करून दाखवले. मधल्या काळात पटकथेवर अनेक हात फिरले होते. हेक्टने आत्मचरित्रात लिहिलंय की त्याने मूळ पटकथाकार सिडनी हॉवर्डचा जुना मसुदा शोधायला लावला, तो उत्तम निघाला, आणि मग त्याच्यावरच काम केलं. पटकथेचं ऑस्कर हॉवर्डला मिळालं, तेही मरणोत्तर. पहिल्या खर्ड्यात चुका भरपूर असतात, पण लेखकाला हे नाटक का लिहावंसं वाटलं ते तिथेच सापडतं.

आता कार्डं. खजूरी बाजारात कुठल्याही वह्या-पुस्तकांच्या दुकानात जाड कागद मिळतो, तो पोस्टकार्डाएवढा कापून घ्या. प्रत्येक प्रवेशाला एक कार्ड. मोठ्या प्रवेशात माणसं येत-जात असतील तर त्याची दोन-तीन करा. कार्डावर दोनच गोष्टी: आत येणाऱ्याला काय हवंय, आणि तो बाहेर जातो तेव्हा काय बदललेलं असतं. दुसरी जागा कोरी राहिली तर त्या प्रवेशावर संशय घ्या. सगळी कार्डं सतरंजीवर क्रमाने मांडा आणि एकही शब्द न बदलता नुसता क्रम बदलून बघा.

क्रमाची ताकद मला टाउनने सावरलेल्या 'बॉनी अँड क्लाइड' या चित्रपटावरून कळली (१९६७; मूळ लेखक डेव्हिड न्यूमन आणि रॉबर्ट बेंटन). दरोडेखोरांची टोळी एका जोडप्याला गाडीत बसवून घेते, हसणं-खिदळणं चालतं, आणि मग कळतं की तो माणूस प्रेतांच्या अंत्यविधीचा धंदा करतो. टोळीतल्या बॉनीचा चेहरा उतरतो. दुसरा प्रसंग बॉनी आईला भेटते तो. आधी हे प्रसंग उलट्या क्रमाने होते. टाउनने अंत्यविधीवाल्याचा प्रसंग आधी आणला. त्यामुळे मरणाची चाहूल लागलेली मुलगी आईकडे धावते, आणि आईकडेही तिला दिलासा मिळत नाही. प्रसंग होते तेच राहिले, पण क्रम फिरल्यावर पुढचं सगळं अटळ वाटायला लागलं. श्रेयनामावलीत टाउनचं नाव आलं ते 'विशेष सल्लागार' म्हणून.

क्रम लावूनही भोक राहत असेल तर तिथे प्रवेशच लिहिलेला नाही असं समजा. हे सगळ्यांत अवघड काम आणि मला सगळ्यांत आवडतं तेही हेच. 'गॉडफादर'च्या वेळी दिग्दर्शक कपोलाची अडचण अशी की बाप आणि धाकटा मुलगा यांचं एकमेकांवर प्रेम आहे हे दाखवणारा प्रसंगच नव्हता. मूळ कादंबरीतही नव्हता. टाउनला बोलावलं आणि त्याने बागेतला प्रसंग लिहिला. म्हातारा डॉन, म्हणजे माफिया टोळीचा प्रमुख असलेला बाप, मुलाला सावध करतो: शत्रूशी भेट ठरवायला जो माणूस येईल, तोच फितूर. मधेच म्हणतो की हल्ली आपण वाइन जास्त प्यायला लागलोय. नातवाची चौकशी करतो. सांगितलेलंच पुन्हा सांगतो. 'माझं तुझ्यावर प्रेम आहे' हे कुणी म्हणत नाही. सगळी भाषा कामाची, आणि तिच्याखाली एका बापाची हळहळ, की याच्यासाठी मला हे आयुष्य नको होतं. १९७३ मध्ये ऑस्कर स्वीकारताना कपोलाने मंचावरून या प्रसंगासाठी टाउनचे आभार मानले.

हे टाउनला जमलं त्याचं मूळ मला त्याच्या तरुणपणात दिसतं. जेफ कोरी या नटाच्या अभिनयवर्गात तो जायचा, जॅक निकल्सनही तिथेच होता. तिथे नटांना प्रसंग एक द्यायचे आणि त्यांनी बोलायचं भलत्याच विषयावर. लेखकाने नटांच्या खोलीत बसावं हे मी म्हणते ते याचसाठी.

आमच्याकडे आलेली एक एकांकिका सांगते, म्हणजे हाताने कसं करायचं ते कळेल. लिहिणारा मुलगा कॉलेजातला. विषय इंदूरच्या हुकुमचंद कापड मिलचा. मिल १९९२ मध्ये बंद पडली आणि कामगारांच्या थकलेल्या पैशांचा मार्ग मोकळा व्हायला २०२३ चा डिसेंबर उजाडला. तोवर कितीतरी कामगार गेले होते. त्याच्या नाटकात असाच एक कामगार गेलाय, पैसे आता येणार, दोन मुलं वाटणीवरून भांडतात आणि शेवटी आई दीड पान बोलते. ते दीड पान पडत होतं. दिग्दर्शकाचं म्हणणं, ताई, आईचं भाषण जरा दमदार करून द्या.

कार्डं मांडली तर आई शेवटापर्यंत फक्त चहा देत होती. म्हणून मधे एक छोटा प्रवेश घातला. धाकटा आईकडून कागदपत्रं घेतोय: पासबुक, रेशनकार्ड, मृत्यूचा दाखला. आई एकेक कागद काढते आणि कोणता कशाला लागेल ते सांगते. वडिलांचा मिलचा बिल्ला हातात येतो तेव्हा मुलगा म्हणतो, हा नाही लागणार. आई म्हणते, नंबर तरी लिहून घे. तो लिहून घेतो. बस. यानंतर शेवटच्या दीड पानातली बहुतेक वाक्यं आपोआप अनावश्यक झाली, आणि उरली तीही त्या मुलाचीच होती, त्याच्या पहिल्या खर्ड्यातली. नवा प्रवेश लिहिलात की जुनं काय काढता येईल हे लगेच बघा. ज्याने काहीच कापता येत नाही, तो प्रवेश अजून सापडलेला नाही.

संवादांचं एवढंच सांगते की कान उघडा ठेवा. आपली मुलं इंदूरच्या घरातल्या माणसाला पुण्याच्या रंगमंचावरची मराठी बोलायला लावतात. राजवाड्याजवळ दुकान चालवणारा मराठी माणूस "तू काय करून राहिला?" असं विचारतो, गिऱ्हाइकाला "भिया" (भैया) म्हणतो, आणि आईशी बोलताना पुन्हा वेगळा होतो. तो फरक लिहा. कॅरी फिशर अभिनेत्री म्हणून सगळ्यांना ठाऊक आहे, पण १९९० च्या दशकात तिला मोठी मागणी होती ती संवाद आणि स्त्री-पात्रं सुधारण्यासाठी. 'हूक' या चित्रपटातल्या टिंकरबेल या परीचे संवाद तिने सुधारले. तुमच्या संहितेतल्या बाईचे संवाद झाकून ठेवा आणि बघा, तिच्यावाचून गोष्टीचं काही अडतं का. अडत नसेल तर काम तिथून सुरू करा.

आता माझ्या विंगेतला विषय, इथे मला घाई करवत नाही. बदललेली संहिता नटांच्या हातात जाते तेव्हा खरा गोंधळ सुरू होतो. एकाकडे मंगळवारची प्रत, दुसऱ्याकडे शुक्रवारची, आणि प्रॉम्प्टरकडे तिसरीच. हॉलिवूडने यावर काढलेला उपाय मला फार आवडतो. चित्रणाची संहिता पांढऱ्या कागदावर पक्की झाली की पुढच्या बदलांची पानं निळ्या कागदावर, त्यानंतरची गुलाबी, मग पिवळी, मग हिरवी. बहुतेक ठिकाणी हाच क्रम. प्रत्येक पानावर तारीख, आणि बदललेल्या ओळीसमोर समासात चांदणी (*). १२ नंबरच्या पानानंतर मजकूर वाढला तर तो १२ अ. पुढचे आकडे हलवायचे नाहीत. प्रवेश काढला तरी त्याचा नंबर राहतो आणि समोर 'वगळला' असं लिहितात. हे जसंच्या तसं उचला. रंगीत कागद कुठल्याही झेरॉक्सवाल्याकडे मिळतो. जुनं पान परत घेतल्याशिवाय नवं देऊ नका.

हे सगळं सुरू करण्याआधी नाव आणि पैसे ठरवा. फिशरने हे काम का सोडलं ते तिने सांगितलंय: काम मिळण्याआधीच काय-काय सुधारणार ते लिहून मागायचे, सगळ्यांच्या सूचना जमा करायचे आणि काम कुणालाच द्यायचं नाही. तेव्हा ठरण्याआधी तोंडी बोला, लेखी टिपणं देऊ नका. श्रेयाचा वाद झाला तर हॉलिवूडमधली लेखकांची संघटना तीन लेखकांचं पंचमंडळ नेमते आणि ते नावं झाकलेले सगळे खर्डे वाचतं. मूळ स्वतंत्र पटकथेत नंतरच्या लेखकाला श्रेय हवं तर अंतिम पटकथेत त्याचा वाटा किमान ५० टक्के असावा लागतो. मला हा नियम न्याय्य वाटतो. एक प्रवेश लिहिला आणि क्रम फिरवला म्हणून मी लेखक होत नाही. पत्रिकेत 'संहिता साहाय्य' असं छापलं तर आनंद, नाही छापलं तरी हरकत नाही, पण ते आधी बोलून घ्यावं.

दुसऱ्याच्या लिखाणात हात घालताना एक आठवण ठेवा. 'ग्रेस्टोक' ही टारझनच्या गोष्टीवरची पटकथा टाउनला स्वतः दिग्दर्शित करायची होती. ती त्याच्या हातून गेली, दुसऱ्यांनी बदलली. तेव्हा त्याने पडद्यावर आपल्याऐवजी आपल्या कुत्र्याचं, पी. एच. वाझाक हे नाव दिलं आणि त्या नावाला ऑस्करचं नामांकन मिळालं. जन्मभर दुसऱ्यांच्या पटकथा सावरलेल्या माणसालाही स्वतःची बदलली गेली तेव्हा इतकं लागलं. मग आपल्या कॉलेजातल्या पोराला किती लागेल?

म्हणून निळी पानं दिग्दर्शकाच्या आधी लेखकाच्या हातात द्या आणि त्याला ती मोठ्याने वाचू द्या. तो जिथे थांबेल तिथे, का थांबलास, ते विचारा. एखादा बदल त्याला मान्य नसेल तर एकदा तुमची बाजू मांडा. तरी नको म्हणाला तर ते पान काढून घ्या, जुनं वाक्य परत घाला, नवी तारीख टाका, आणि मगच तालमीला पाठवा.