-ओ2 लावलं की प्रोग्राम बिघडतो? दोष असा शोधा

सी किंवा सी++चा प्रोग्राम -ओ0 वर (ऑप्टिमायझेशन बंद) बरोबर चालतो आणि -ओ2 (कोड वेगवान करणारं ऑप्टिमायझेशन चालू) लावलं की भलतंच उत्तर देतो, तेव्हा संशय आधी कंपायलरवर जातो. बहुतेक वेळा चूक आपल्याच कोडमध्ये असते. ती पकडायला जीसीसी आणि क्लँग, दोन्ही हाताशी ठेवा. हे दोन मुक्त-स्रोत कंपायलर स्वतंत्रपणे लिहिलेले आहेत, त्यामुळे एकाच्या नजरेतून सुटलेलं दुसऱ्याला दिसू शकतं.

आधी दोन्हींनी -ओ2 -जी -वॉल -वेक्स्ट्रा लावून बिल्ड करा (-जी डीबगची माहिती ठेवतो, शेवटचे दोन कंपायलरचे इशारे चालू करतात). इथे -ओ2 काढू नका: व्हेरिएबलला किंमत न देताच ते वापरलंय का, हे जीसीसीला नीट कळतं ते ऑप्टिमायझेशन चालू असतानाच.

मग सॅनिटायझर, म्हणजे प्रोग्राम चालू असताना चुका पकडणारी कंपायलरची सोय. -ओ1 -जी -एफसॅनिटाइझ=अ‍ॅड्रेस,अनडिफाइन्ड हे फ्लॅग कंपाइल आणि लिंक, दोन्ही पायऱ्यांना द्या. लिंक करताना विसरलात, तर ‘अनडिफाइन्ड रेफरन्स’च्या एररची रांग लागते. आणखी एक खाचखळगा: अनडिफाइन्ड सॅनिटायझर चूक दिसली की संदेश छापतो आणि पुढे चालत राहतो. टेस्ट ‘पास’ होते, संदेश लॉगमध्ये पडून राहतो. म्हणून -एफनो-सॅनिटाइझ-रिकव्हर=ऑल जोडाच, म्हणजे पहिल्या चुकीलाच प्रोग्राम थांबेल.

नेहमी सापडणारा गुन्हेगार हा:

इफ (क्ष + 100 < क्ष)

ओव्हरफ्लो झाला का, म्हणजे बेरीज इंटमध्ये मावेनाशी झाली का, हे तपासायला लिहिलेली ही ओळ. पण साइन्ड इंट ओव्हरफ्लो झाला तर काय व्हावं, हे सीच्या मानकात ठरवलेलंच नाही. तो कधी होणारच नाही असं कंपायलर धरून चालतो आणि -ओ2 वर ही तपासणी सरळ काढून टाकतो. 32 बिटांच्या इंटमध्ये क्ष = 2147483600 देऊन क्लँगचा सॅनिटायझर बिल्ड चालवा; तो ओळ क्रमांकासकट बोट ठेवेल. बेरीज करण्याआधी तपासा: क्ष > इंट_मॅक्स - 100.

सॅनिटायझरलाही काही सापडलं नाही, तर -एफरॅपव्ही (ओव्हरफ्लो झाल्यावर किंमत दुसऱ्या टोकाला फिरते असं कंपायलरला धरायला लावतो) आणि -एफनो-स्ट्रिक्ट-एलियासिंग (वेगळ्या टाइपचे पॉइंटर एकाच मेमरीकडे बोट दाखवत नाहीत, हे गृहीतक बंद करतो) एकेक करून लावा. पहिल्याने दोष गेला तर ओव्हरफ्लो शोधा. दुसऱ्याने गेला तर एका टाइपची मेमरी दुसऱ्या टाइपच्या पॉइंटरने वाचलेली जागा शोधा आणि तिथे मेमकॉपी वापरा. फ्लॅग तसाच ठेवून पुढे जाऊ नका. दुसऱ्या कुणी तो न लावता बिल्ड केलं की दोष परत येतो.

इतकं करूनही एकच कंपायलर चुकत असेल, तर त्याच्याकडे बग नोंदवा. हे कंपायलर सुधारतात ते अशा नोंदींमुळेच. -सेव्ह-टेम्प्सने मिळणारी प्रीप्रोसेस केलेली फाइल, -व्ही ने दिसणारी आवृत्ती आणि पूर्ण कमांड द्या. त्या फाइलमध्ये हेडरसकट तुमचा सगळा कोड असतो, म्हणून आधी सी-व्हाइज (दोष कायम ठेवून कोड आपोआप छोटा करणारं साधन) चालवून ती लहान करा. हजारो ओळींतून बऱ्याचदा वीस-पंचवीसच उरतात.