तयार चालीवर शब्द कसे बसवायचे: वाँग जिमकडून झाडीपट्टीत शिकलेलं

झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भातल्या वडसा-ब्रह्मपुरी भागात, नाटकाला पेटी वाजवून आणि गाणी लिहून मला पंधरा हंगाम झाले. दिवाळीनंतरच्या मंडईच्या जत्रेपासून होळीपर्यंत रोज कुठल्या तरी गावी, रात्री दहापासून पहाटेपर्यंत. दरवर्षी चार-दोन पोरं वही घेऊन येतात. "दादा, चाल आहे, पन शब्द बसत नाही जी." हे त्यांच्यासाठी.

माझ्या भाच्यानं मोबाईलवर १९९० च्या एका चिनी तलवारबाजीच्या सिनेमातलं गाणं ऐकवलं. मी पेटी पुढे ओढली आणि बोटं आपोआप पडली: ध प ग रे सा. आपला भूपच, वरून खाली उतरणारा! चाल आणि शब्द दोन्ही हाँगकाँगचे गीतकार वाँग जिम यांचे. जन्म १९४१, ग्वांगझूचा. १९४९ मध्ये हाँगकाँगला आले. शाळेत माउथऑर्गन वाजवायचे. पुढे जाहिराती लिहिल्या, टीव्हीवर गप्पांचे कार्यक्रम केले, सिनेमात कामं केली, आणि कॅंटोनीज, म्हणजे तिकडच्या चिनी बोलीतली, गाणी तर ढीगभर लिहिली. साठी उलटल्यावर, २००३ मध्ये, त्याच गाण्यांवर पीएचडी केली. पुढच्याच वर्षी गेले. त्या भूपासारख्या चालीआधी त्यांच्या सहा चाली नापास झाल्या होत्या, असं सांगतात. मग एका जुन्या ग्रंथात, थोर संगीत सोपंच असतं, अशी ओळ दिसली आणि त्यांनी चिनी पाच स्वर उलटे लावले. म्हणून पहिली गोष्ट: चाल अवघड करू नका. नऊवारी नेसलेल्या बाईला चालता चालता गुणगुणता आली पाहिजे.

दुसरी गोष्ट सगळ्यात मोठी. कॅंटोनीजमध्ये 'सी' हा एकच उच्चार आवाजाच्या सहा उंचींवर सहा शब्द होतो: कविता, इतिहास, परीक्षा, काळ, बाजार, बाब. चाल वर गेली आणि शब्द खालचा असला, तर ऐकणाऱ्याला भलताच शब्द ऐकू येतो. तिकडे चाल बहुतेक आधी असते आणि शब्द मागून भरतात. शिकणारी मुलं आधी चालीवर आकडेच म्हणतात, शून्य-दोन-चार-तीन, कारण त्यांच्या भाषेत या चार आकड्यांच्या उंच्या वेगवेगळ्या आहेत. सांगाडा आधी, अर्थ मागून.

आपल्याकडे उंचीपेक्षा लांबी सांभाळावी लागते. चाल दहादा ऐका आणि लांब जागी 'दा', आखूड जागी 'द' लिहा. श्वास जिथे तुटतो तिथे उभी रेघ मारा. ही रेघ विसरू नका.

मी विसरलो होतो. शेतकऱ्याच्या बायकोचं रडवं गाणं होतं. ओळ लिहिली, "वाट पाहते पावसाची". मोजमाप बरोबर होतं, पण श्वास 'पाव'वर तुटला: "वाट पाहते पाव… साची." पुढच्या रांगेतून आवाज आला, "चहासंगं का जी?" मंडप हसला. बाई डोळ्यांत पाणी आणून गात होती, ती तशीच उभी राहिली. मला आजही ते दिसतं. पहाटे परतीच्या गाडीतच मी ओळ बदलली: "वाट पाहते, येत नाही." दा-द-दा-दा तेच राहिलं. पण आता "येत…" म्हणून श्वास तुटतो, मंडप क्षणभर आशेवर राहतो, मग येतं "नाही". पाऊस मागच्या ओळीत घातला. पुढच्या गावी बायका पदर डोळ्याला लावत होत्या.

तर रेघेपाशी शब्द तोडू नका; जमलं तर अर्थच तिथे अडवून धरा. लांब सुरावर आ, ई, ए, ओ ठेवा. "क्ष", "ष्ट" असली जोडाक्षरं तिथे आली की गळा अडकतो.

शब्द गावचे घ्या. हाँगकाँगमध्ये लायन रॉक नावाचा डोंगर आहे. त्याच्या पायथ्याच्या कष्टकऱ्यांवर वाँग जिम यांनी १९७९ मध्ये एका टीव्ही मालिकेसाठी गाणं लिहिलं, जोसेफ कू यांच्या चालीवर. ते त्या शहराचं गाणं झालं. आपल्याकडे धानाची बांधी आहे, रोवणीचे परे आहेत, मोहफुलं आहेत. 'हिरवा शालू' बाजूला ठेवा.

शिवाय एकदा तरी तोंडाला रंग लावून स्टेजवर उभे राहा, हवालदाराचं दोन वाक्यांचं काम मिळालं तरी. समोरचे लोक कुठल्या शब्दाला पान चघळायचं थांबवतात, ते विंगेतून दिसत नाही.

शेवटी गाणं घरी म्हणा. मी आईसमोर म्हणतो. ती सुपात तांदूळ निवडत असते. काही विचारत नाही. थोड्या वेळानं दुसरी ओळ ती स्वतःच गुणगुणली, की मी पेन्सिल ठेवतो आणि शाईनं उतरवतो.