कापूसपट्ट्यावरील माहितीपटासाठी जुनी दृश्ये कशी शोधावीत

यवतमाळ, वर्धा किंवा अमरावती जिल्ह्यातील गावांवर माहितीपट करताना जुन्या चित्रफिती शोधण्याचे काम ज्याच्याकडे असेल, त्याने कोणत्याही संग्रहालयाला पत्र पाठवण्याआधी निवेदनाच्या कोणत्या वाक्यासाठी कोणते दृश्य हवे, हे लिहून काढावे. ‘जुना कापूस बाजार’ अशी मोघम मागणी केल्यास खानदेशातील किंवा गुजरातमधील दृश्ये हाती येतात. त्याऐवजी ‘१९७२ साली कापूस एकाधिकार खरेदी योजना (सगळा कापूस सरकारनेच विकत घेण्याची योजना) सुरू झाल्यानंतर खरेदी केंद्राबाहेर लागलेली बैलबंड्यांची रांग’ असे लिहिले, तर शोधणाऱ्याला काळ आणि जागा दोन्ही कळतात.

यानंतर जुन्या नावांची यादी करावी, कारण संग्रहातील नोंदी चित्रीकरणाच्या वेळच्या नावांनीच राहिलेल्या असतात. १९५६ पर्यंत नागपूर ही मध्य प्रदेशाची राजधानी होती, म्हणून त्या काळातील विदर्भ त्या राज्याच्या नावाखाली सापडू शकतो. स्वातंत्र्यापूर्वीचा ‘मध्य प्रांत व वऱ्हाड’ या नावाखाली. चंद्रपूरसाठी ‘चांदा’ शोधावे. गडचिरोली १९८२ पूर्वी चंद्रपुरात, वाशीम १९९८ पूर्वी अकोल्यात आणि गोंदिया १९९९ पूर्वी भंडाऱ्यात होता. सेवाग्रामचे नाव १९४० पर्यंत शेगाव असे होते आणि बुलढाण्याच्या शेगावशी गोंधळ होऊन गांधीजींची टपालेही भरकटत. नोंदींतही तोच धोका असल्याने आश्रमाच्या झोपड्या ओळखल्याशिवाय ते दृश्य घेऊ नये.

१९४८ साली सुरू झालेला फिल्म्स डिव्हिजन हा केंद्र सरकारचा माहितीपट विभाग आणि १९६४ साली पुण्यात स्थापन झालेले राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय हे दोन्ही आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले आहेत. तेथे आणि दूरदर्शनकडे चौकशी करावीच. मात्र माझ्या मते तालुक्याच्या फोटो स्टुडिओकडे आणि लोकांच्या घरच्या कपाटांकडे दुर्लक्ष करणे ही मोठी चूक ठरते. लग्नाची वरात बाजारातून जाते, तेव्हा कॅमेऱ्यात नवरदेवामागे दुकानांच्या पाट्या, जिनिंगची (कापसातून सरकी काढणाऱ्या कारखान्याची) भिंत आणि एसटीचा थांबा आपोआप येतात. अशा व्हिडिओ कॅसेटवर बुरशी दिसल्यास ती यंत्रात घालू नये. आधी जाणकाराकडून स्वच्छ करून घ्यावी.

दृश्याचा काळ नोंदीवरून नव्हे, तर चित्रातील वस्तूंवरून पडताळावा. यवतमाळ–मूर्तिजापूर या अरुंद रेल्वेमार्गावरील शकुंतला गाडी वाफेच्या इंजिनावर धावताना दिसली, तर चित्रीकरण १९९४ किंवा त्यापूर्वीचे आहे, कारण त्या वर्षी तेथे डिझेल इंजिन आले. वाहनाच्या पाटीवर एमएच अक्षरांपुढे लगेच जिल्ह्याचा आकडा असेल, तर ते १९८९ पूर्वीचे नाही. शेतातील पऱ्हाटीची (कपाशीच्या झाडाची) उंची, तिच्या ओळींमधील अंतर आणि बंडीची चाके गावातील वयस्क शेतकऱ्यांना दाखवावीत; संपादनकक्षात कोणाला दिसत नाही, ते त्यांना सहज दिसते.

हक्कांच्या बाबतीत चित्रफीत जवळ असणे पुरेसे नाही. भारतीय कायद्याप्रमाणे चित्रपटावरील हक्क प्रसिद्धीच्या पुढील वर्षापासून ६० वर्षे राहतो. १९५८ साली प्रसिद्ध झालेल्या चित्रफितीवरील हक्क २०१८ अखेर संपला, पण तिच्यातील गाण्याचा हक्क वेगळा मोजावा लागतो. पैसे देऊन करून घेतलेल्या लग्नाच्या चित्रीकरणाचा पहिला मालक, वेगळा करार नसल्यास, स्टुडिओ नसून ते करून घेणारे घर असते. म्हणून परवानगी त्यांच्याकडूनच लेखी घ्यावी. संस्थेशी करार करताना किती सेकंद, कोणते प्रदेश, कोणती माध्यमे आणि किती वर्षे हे स्पष्ट लिहून घ्यावे.

२००६ साली पंतप्रधानांनी शेतकरी आत्महत्यांच्या पार्श्वभूमीवर विदर्भातील सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटी रुपयांचे पॅकेज जाहीर केले, त्या काळात वृत्तवाहिन्यांनी आत्महत्याग्रस्त कुटुंबांचे भरपूर चित्रीकरण केले. त्यातील एखाद्या विधवेचा चेहरा वाहिनीच्या परवान्यावर मिळतो. तरीही तो वापरण्याआधी त्या घरी जाऊन विचारावे, आणि नकार मिळाल्यास दुसरे दृश्य शोधावे.