आयवॉशमागचं पाणी: नागपूरच्या कारखान्यांत नव्याने रुजू होणाऱ्या सेफ्टीवाल्यांसाठी

सेफ्टीचा डिप्लोमा झाला, हिंगणा, बुटीबोरी किंवा कळमेश्वरच्या एखाद्या कारखान्यात रुजू झालात, की पहिल्या आठवड्यातच हातात चेकलिस्ट येते. अग्निशामक सिलिंडर, प्रथमोपचार पेटी, आणि त्याच यादीत कुठेतरी खाली ‘आयवॉश – ठीक / ठीक नाही’. आयवॉश म्हणजे रसायन डोळ्यात उडालं तर डोळे धुण्यासाठी बसवलेला दोन धारांचा नळ. दांडी दाबली, पाणी आलं, ‘ठीक’वर खूण केली, असं बहुतेक ठिकाणी चालतं. पण कॉस्टिक सोडा डोळ्यात गेलेल्या माणसाला त्या पाण्यापुढे सलग १५ मिनिटं, पापण्या बोटांनी ताणून, उभं राहायचं असतं. पाणी पोळणारं, गढूळ किंवा एकाच बाजूने येणारं असेल तर तो अर्ध्या मिनिटात तोंड फिरवतो. म्हणून हे काम शिकताना नजर बेसिनवर कमी आणि त्यामागच्या पाण्यावर जास्त ठेवा.

आधी रसायन काय करतं ते नीट समजून घ्या, कारण पुढचे सगळे आकडे त्यातूनच आले आहेत. बहुतेक आम्लं डोळ्याच्या पृष्ठभागावरचं प्रथिन गोठवतात. त्या गोठलेल्या थरामुळे आम्ल आत जायला थोडा अडथळा होतो. हायड्रोफ्लोरिक आम्ल मात्र याला अपवाद आहे, ते खोल जातं. अल्कली, म्हणजे कॉस्टिक सोडा, चुना, अमोनिया, पेशींच्या आवरणातली चरबी विरघळवत पुढे सरकतात आणि काही मिनिटांत बुबुळाच्या आतपर्यंत पोचू शकतात. लोकांना आम्लाची भीती जास्त वाटते, पण डोळ्यांच्या बाबतीत कॉस्टिक आणि चुना जास्त घातक. चुन्याचं आणखी एक आहे: त्याचे कण पापणीखाली अडकून राहतात आणि पाणी ओतत असतानाही जळत राहतात.

आयवॉश कुठे लागेल हे अंदाजाने ठरवू नका. स्टोअरमधून प्रत्येक रसायनाची एसडीएस, म्हणजे उत्पादकाने दिलेली सुरक्षा माहितीपत्रिका, मागवा. विभाग २ मध्ये एच३१४ (त्वचा आणि डोळे भाजणारं) किंवा एच३१८ (डोळ्याला गंभीर इजा करणारं) असा संकेत दिसला की ते रसायन जिथे उघडलं, ओतलं, मिसळलं किंवा पंप केलं जातं त्या प्रत्येक जागेवर नकाशात खूण करा. विभाग ४ मध्ये प्रथमोपचार आणि विभाग ९ मध्ये पीएच मिळतो. आपल्या भागात वारंवार सापडणाऱ्या जागा म्हणजे वीज केंद्र किंवा मोठ्या बॉयलरचा डीएम प्लांट (पाण्यातले क्षार काढणारा), फोर्कलिफ्टची बॅटरी चार्जिंगची खोली, प्लेटिंगचे हौद, कापड रंगवण्याचा विभाग, दुग्धशाळेतली सीआयपी (पाइप-टाक्या न उघडता रसायनाने आतून धुणं), शीतगृहातला अमोनियाचा कॉम्प्रेसर, इटीपीचं (सांडपाणी शुद्धीकरण केंद्राचं) डोसिंग. सगळ्यात जास्त विसरली जाणारी जागा टँकर खाली करण्याची. तिथे होज सुटतो, फ्लँज गळतो, आणि ड्रायव्हरला तुमच्या आवाराची काहीच माहिती नसते.

आकड्यांसाठी भारतीय मानक आयएस १०५९२ हे १९८२ सालचं आहे. प्रत्यक्षात खरेदी आणि ऑडिट बहुतेक वेळा अमेरिकी अँसी झेड३५८.१ या मानकाच्या २०१४ च्या आवृत्तीवर चालतात, त्यामुळे ते आकडे तोंडपाठ हवेत. साधा आयवॉश मिनिटाला किमान १.५ लिटर, चेहराही धुणारा आय-फेस वॉश ११.४ लिटर, सेफ्टी शॉवर ७५.७ लिटर, आणि तिन्ही १५ मिनिटं अखंड. व्हॉल्व्ह एका सेकंदात उघडला पाहिजे आणि हात काढल्यावरही उघडाच राहिला पाहिजे, कारण दोन्ही हात पापण्यांना लागतात. आयवॉशची धार जमिनीपासून ८४ ते १३४ सेंटीमीटर उंचीवर, भिंतीपासून निदान १५ सेंटीमीटर दूर. पाणी १६ ते ३८ अंश सेल्सिअस. धोक्याच्या जागेपासून १० सेकंदांत पोचता यावं, म्हणजे साधारण १७ मीटर, त्याच मजल्यावर, वाटेत पायरी नाही. तीव्र आम्ल किंवा कॉस्टिक असेल तर अगदी शेजारी.

हे १७ मीटर नकाशावर सरळ रेषेत मोजू नका. माणूस जसा चालेल तसे मोजा: टाकीला वळसा, पाइपरॅकखालून वाकणं, सगळं धरून. टेपने मोजून झालं की एका सहकाऱ्याला डोळे मिटून चालायला सांगा, तुम्ही बाजूने चाला. तो जिथे अडखळतो ती तुमची पहिली दुरुस्ती. बहुतेक वेळा तिथे पॅलेट, रिकामा ड्रम किंवा हातगाडी निघते.

आता नागपूरचा खरा प्रश्न, तापमानाचा. मे महिन्यात, नवतपात तर विशेषच, हवाच ४५ अंशांच्या आसपास असते. गच्चीवरच्या काळ्या टाकीतलं आणि उन्हातून जाणाऱ्या जीआय (जस्त चढवलेल्या लोखंडी) पाइपमधलं पाणी त्या दुपारी ३८ अंशांच्या आत राहत नाही. हिशेब करून बघा. २५ मिलिमीटरच्या पाइपमध्ये मीटरला साधारण अर्धा लिटर पाणी असतं. २० मीटर पाइप उन्हात असेल तर १० लिटर तापलेलं पाणी आयवॉशच्या आधी उभं आहे. १.५ लिटरच्या आयवॉशमधून ते निघून जायला साडेसहा मिनिटं लागतात. म्हणजे पहिली साडेसहा मिनिटं, जी सगळ्यात मोलाची, त्या माणसाच्या डोळ्यावर पोळणारं पाणी. ११.४ लिटरच्या नगात तेच पाणी मिनिटाच्या आत बाहेर जातं. विदर्भासाठी साध्या आयवॉशऐवजी आय-फेस वॉश घ्यावा, असं माझं ठाम मत यामुळेच आहे.

उपाय खर्चाच्या चढत्या क्रमाने करा. टाकी सावलीत आणा, तिला पांढरा रंग द्या, शक्य असेल तर आयवॉशची टाकी वेगळी करून शेडखाली ठेवा. पाइप जमिनीखालून न्या. वर राहणारा तुकडा नायट्रिल रबर किंवा पफच्या (फोमच्या) आवरणात घ्या आणि आवरणावर ॲल्युमिनियमचा पत्रा चढवा, नाहीतर दोन उन्हाळ्यांत ते भुगा होतं. मग थर्मल ब्लीड व्हॉल्व्ह, जो पाणी ठरावीक तापमानापेक्षा तापलं की ते आपोआप सोडून देतो. यानेही भागलं नाही तर चिलर लावून पाणी फिरतं ठेवणारा लूप. एवढं होईपर्यंत एप्रिल ते जूनमध्ये रोज दुपारी लाइन फ्लश करा. हिवाळ्यात याच्या उलट होतं. डिसेंबर-जानेवारीच्या पहाटे उघड्या टाकीतलं पाणी १६ च्या खाली जाऊ शकतं, आणि त्या गारठ्यात भिजलेला माणूस १५ मिनिटं शॉवरखाली टिकत नाही.

म्हणून तापमान नेहमी सकाळी साडेनऊला, तपासणीच्या सोयीच्या वेळी, मोजू नका. उन्हाळ्यात दुपारी ३ वाजता आणि थंडीत पहिल्या पाळीच्या सुरुवातीला थर्मामीटर धारेत धरा. पहिल्या मिनिटाचा आकडा लिहा आणि तिसऱ्या मिनिटाचाही.

दाबाचं गणितही सोपं आहे आणि इथेच नवे लोक फसतात. उत्पादक प्रवाहाचा आकडा बहुधा ३० पीएसआय धरून सांगतात, म्हणजे चौरस सेंटीमीटरला साधारण २.१ किलो. टाकीची उंची १० मीटर तेव्हा १ किलो दाब मिळतो. सहा मीटर उंचीच्या शेडवरची टाकी ०.६ किलोच देते. आयवॉश कसाबसा चालतो, शॉवर मात्र नुसता ठिबकतो. त्यामुळे प्रेशर पंप लागतो, आणि पंप आला की वीज आली. तो पंप जनरेटरच्या इमर्जन्सी फीडरवर आहे का, हे कागदावर न बघता मेन स्विच पाडून बघा. हायड्रंटच्या, म्हणजे आग विझवण्याच्या, लाइनवरून टॅपिंग करण्याचा सल्ला कुणीतरी नक्की देईल. तो घेऊ नका: तिथे ७ किलोच्या आसपास दाब असतो आणि पाणी महिनोन्‌महिने उभं असतं. इटीपीतून परत वापरायचं पाणीही नको. आयवॉशला पिण्याच्या दर्जाचंच पाणी लागतं.

टाकीचं माप असं काढा. शॉवरचे ७५.७ गुणिले १५ म्हणजे ११३५ लिटर, आय-फेस वॉशचे १७१ लिटर, मिळून १३०६. दीड हजार लिटरची स्वतंत्र टाकी एका जोडनगाला पुरते. तेवढंच पाणी खाली जमिनीवरही येणार आहे, रसायनासकट. ते इटीपीकडे वळवा, पावसाळी नालीत सोडू नका. जवळपास विजेचं पॅनेल नसावं हे वेगळं सांगायला नको.

जिथे लाइन पोचतच नाही, बांधकामावर किंवा तात्पुरत्या अनलोडिंगला, तिथे टाकीवाला पोर्टेबल नग घ्या. १.५ लिटरने १५ मिनिटांना किमान २२.५ लिटर लागतात. बाजारातले मोठे नग ६० लिटरच्या आसपास असतात. त्यात उत्पादकाने सांगितलेलं प्रिझर्वेटिव्ह घातलं नसेल तर पाणी दर आठवड्याला बदला. ५०० मिलिलिटरची बाटली ही आयवॉशपर्यंत पोचेपर्यंतची सोय आहे. ती भिंतीवर टांगून ‘आयवॉश आहे’ असं रजिस्टरमध्ये लिहू नका.

कोटेशन मागवताना पर्चेसला तीन गोष्टी लिहून द्या. एक, सामान: आम्लाच्या वाफा असतील तर एसएस (स्टेनलेस स्टील) ३१६ किंवा एपॉक्सी चढवलेलं जीआय आणि एबीएस प्लास्टिकचं बेसिन. क्लोराइडच्या वाफांत एसएस ३०४ वर लवकर डाग पडून खड्डे होतात. दोन, नोझलवर साखळीने बांधलेली आणि पाण्याच्या दाबाने आपोआप उडणारी झाकणं. तीन, फ्लो स्विच आणि हूटर. रात्रपाळीत डीएम प्लांटवर बहुधा एकटा माणूस असतो. दांडी दाबताच कंट्रोल रूममध्ये आवाज गेला तरच त्याच्यापर्यंत कुणी पोचेल.

आठवड्याची तपासणी दहा मिनिटांची आहे, पण ती हाताने करायची. आधी दुरून बघा: हिरव्यावर पांढऱ्या चित्राचा बोर्ड दिसतो का, दिवा लागतो का, वाट मोकळी आहे का. आयसोलेशन कॉक (आयवॉशचं पाणी बंद करणारा) पूर्ण उघडा आणि सीलबंद आहे का ते बघा. प्लंबर गळती काढायला कॉक बंद करतो आणि तसाच निघून जातो, ही सगळ्यात नेहमीची चूक. म्हणून कॉक उघड्या स्थितीत कुलूपबंद हवा आणि किल्ली शिफ्ट इंचार्जकडे. मग दांडी दाबा आणि हात काढा. दांडी परत येऊ लागली तर व्हॉल्व्ह बदला. पहिलं पाणी पांढऱ्या मगात घ्या. तांबूस असेल तर जीआय आतून गंजला आहे, हिरवट असेल तर टाकीत ऊन शिरतंय. पाणी किती वेळ सोडायचं ते मघाच्या हिशेबाने ठरवा: लाइनमधलं उभं पाणी संपून टाकीचं ताजं येईपर्यंत. उभ्या कोमट पाण्यात अकँथामीबा, स्यूडोमोनास, लेजिओनेला असे सूक्ष्मजीव वाढतात, आणि जखमी डोळ्याला त्यांची लागण व्हायला वेळ लागत नाही.

मोजमाप बादलीने होतं. १५ लिटरची बादली आय-फेस वॉशखाली ८० सेकंदांच्या आत भरली पाहिजे; साध्या आयवॉशखाली १ लिटरचा मग ४० सेकंदांत. शॉवरला कापडी नळी बांधून २० लिटरची बादली १६ सेकंदांत. धारांचा समतोल बघायला ॲक्रिलिकची पट्टी करून घ्या: किमान १० सेंटीमीटर लांब, तिच्यावर मधल्या दोन रेषा ३.२ सेंटीमीटर अंतरावर, बाहेरच्या दोन ८.३ सेंटीमीटर अंतरावर. नोझलपासून २० सेंटीमीटरच्या आत पट्टी धरली की दोन्ही धारांनी आतल्या आणि बाहेरच्या रेषांमधली जागा एकाच वेळी भिजवली पाहिजे. एक धार उंच आणि एक बुटकी दिसली तर बुटकी बाजू तुंबली आहे. बोअरचं क्षाराचं पाणी असेल तर नोझलच्या भोकांवर पांढरा थर दिसेल. नोझल काढून रात्रभर व्हिनेगरमध्ये बुडवा, मऊ ब्रशने घासा, भरपूर पाण्याने धुऊन बसवा. तारेने खोचू नका, भोक मोठं होऊन धार वाकडी होते. स्ट्रेनरही (पाण्याची गाळणी) त्याच वेळी उघडा. पावसाळ्यात झाकण हरवलेल्या नोझलमध्ये कुंभारीण माशी मातीचं घर बांधते. बाहेरून काही कळत नाही, दांडी दाबली की चिखल उडतो, आणि तो थेट डोळ्यात.

आयवॉशला बांधलेल्या टॅगवर तारीख, तापमान, बादलीचे सेकंद आणि सही. नुसती ‘ठीक’ची खूण लिहिणाऱ्याला काहीच शिकवत नाही, सेकंद लिहिले की ७० वरून ७८ वर जाताना दिसतं आणि ८० ओलांडायच्या आत नोझल साफ करता येतं. वर्षातून एकदा मात्र पूर्ण मानकाशी ताडून तपासणी करा, १५ मिनिटं सलग पाणी सोडून.

टूलबॉक्स टॉकमध्ये, म्हणजे कामाआधीच्या छोट्या सुरक्षा बैठकीत, ठेकेदाराची माणसं पुढे बसवा. आपल्याकडे छत्तीसगड, बालाघाट, छिंदवाड्याकडचे कामगार बरेच. मराठी-हिंदी दोन्हींत बोला आणि प्रत्येकाला स्वतः दांडी दाबू द्या. शिकवायचं इतकंच: ओरडा, पोचा, दाबा, पापण्या बोटांनी उघडा, डोळे सगळीकडे फिरवा, १५ मिनिटं. कॉन्टॅक्ट लेन्स धुता धुता काढायची, त्यासाठी थांबायचं नाही. आम्ल गेलं म्हणून सोडा आणि कॉस्टिक गेला म्हणून व्हिनेगर डोळ्यात घालायचं नाही. जवळच्या माणसाने जखमीचा हात धरून न्यायचं आणि वेळ बघत उभं राहायचं.

बुटीबोरी नागपूर शहरापासून साधारण ३० किलोमीटर. गाडी आली म्हणून धुणं अर्धवट सोडून मेडिकल (शासकीय मेडिकल कॉलेज) किंवा मिहानमधल्या एम्सकडे पळू नका. आधी १५ मिनिटं पूर्ण करा. कॉस्टिक किंवा चुना असेल तर गाडीतही सलाइनच्या बाटलीने धुणं चालू ठेवा, दवाखान्यात पीएच पट्टी ७ च्या आसपास दाखवेपर्यंत ते चालतंच. निघताना त्या रसायनाच्या एसडीएसची प्रत सोबत द्या. ती प्रत प्लास्टिकच्या पाकिटात आयवॉशच्याच खांबावर लटकलेली हवी, आणि आठवड्याच्या टॅगवर तिच्यासाठीही एक रकाना ठेवा.